थांबवलेला चेहरा

आपल्या वरच्या खोलीत भाड्यानं राहायची ना, ती फीतवाली. नाव होतं तिला चांगलं, पण गल्लीत सगळे फीतवालीच म्हणायचे. दारोदार फिरून जुन्या व्हिडिओ कॅसेटी मागायची. कुणाच्या लग्नाची, कुणाच्या वाढदिवसाची. मग त्यातलं एकाचं अंगण, दुसऱ्याचा आजा, तिसऱ्याची पोरं जोडून एकच घर करायची. तुझी आई म्हणायची, "स्वतःचं कुणी नाही म्हणून लोकांची माणसं उचलते." बोलणं लागट, पण खोटं नव्हतं गं. तिची आई ती लहान असतानाच गेली, मामीनं वाढवलं. आईची म्हणून एकच कॅसेट. कुणाच्यातरी लग्नात कपांचा ट्रे घेऊन आई दारातून येते, वळते आणि हसते. बस, एवढंच.

कामावरून आली की ती कॅसेट लावायची आणि आई हसली तिथं थांबवायची. चहा निवेपर्यंत बघत बसायची. दुरुस्तीवाल्यानं बजावलं होतं, बाई, थांबवू नका, मशीन तेवढ्याच जागी फीत घासत राहतं. पण हिला वाटायचं, थांबवलं म्हणजे राहिलं. लोकांच्या सगळ्या कॅसेटींच्या कॉप्या काढल्या हिनं, आईची तेवढी नाही. कॉपीत चेहरा पुसट येतो म्हणे.

पुढं एका मोठ्या हॉलमध्ये तिचं काम दाखवायचं ठरलं. त्या जोडलेल्या घरात शेवटी आईला आणायचं होतं. त्यासाठी कॅसेट लावली तर ट्रे दिसतो, हात दिसतात, खांदा दिसतो, आणि चेहऱ्याच्या जागी नुसते पांढरे पट्टे.

दुसऱ्या दिवशी माझ्याकडे आली. आई असती तर तुमच्याच वयाची असती, म्हणाली, जरा दारात उभ्या राहाल का? राहिले बाई. हातात ट्रे घेतला, वळले, हसले. कवळी सांभाळून, पण हसले. तिनं कॅमेऱ्यातून बघितलं, परत बघितलं, आणि कॅमेरा खाली ठेवला.

मी म्हटलं, "जमलं नाही का गं?"

"तुम्ही छान हसलात, मावशी. पण ती कशी हसायची, तेच आठवेना."

मी ट्रे ठेवला आणि तिच्याजवळ बसले.

हॉलमध्ये गेले होते मी. अंधारात भिंतीवर लोकांची माणसं हसत होती, जेवत होती. मग तो ट्रे आला, खांदा आला, आणि पट्टे थरथरायला लागले. तसेच ठेवले होते तिनं. पुढचा एक माणूस उठला, तिच्याकडे आला आणि म्हणाला, "अहो, मशीन बिघडलंय तुमचं." त्याच्यामागून बाकीचेही उठले.

आई आहे ती माझी, असं म्हणाली असती तर बसले असते लोक. पण ती नुसतं "हो, बघते" म्हणाली. आणि सगळे गेल्यावर पुढच्या खुर्चीत जाऊन एकटीच ते पट्टे बघत बसली.