खेळ संपल्यानंतरचा बसू

बसू गेल्याचा फोन आला तेव्हा मला आधी दुःख झालं नाही. आधी सुटल्यासारखं वाटलं. हे लिहिताना हात अडखळतो, पण बसूवर लिहायचं तर इथूनच सुरुवात करायला हवी. मी कंपनीच्या बसमध्ये होतो. तेलगावहून त्याची मुलगी गौरी बोलत होती, "काका, पप्पा गेले," आणि तिचा आवाज कानात पडत असतानाच माझ्या मनात आलं, आता तो कधीच विचारणार नाही. मग स्वतःचीच किळस आली आणि मग रडू आलं... पण क्रम हाच होता. मी बसूचा खेळ पुसला होता आणि त्याला खोटं सांगितलं होतं. खेळ म्हणजे हातात धरून खेळायचा, डबीएवढा व्हिडिओ गेम. एवढ्याशा गोष्टीचं ओझं मी जवळजवळ अर्धं आयुष्य वागवलं, हे वाचून कुणाला हसू येईल. येऊ दे. ती गोष्ट एवढीशी नव्हती, हे मला सांगायचं आहे.

बसू म्हणजे बसवराज. तेलगावच्या चौकात त्यांचं किराणा दुकान. आमच्या घरी मेंढरं. तो गल्ल्यामागे वाढला, मी कळपामागे, आणि शाळेत एका बाकावर बसलो. आम्ही कॉलेजात जाऊ लागलो तेव्हा गावात रोज काहीतरी नवं उतरत होतं. बसूच्या दुकानात थंड पेयाचा काचेचा फ्रिज आला, शाम्पूच्या पुड्यांच्या माळा लटकल्या, शेजारी एसटीडी बूथ निघाला. त्याच दिवसांत त्याच्या हैदराबादच्या मामांनी ती करडी डबी आणली. खेळात एक पोरगा आपलं गाव सोडून निघतो, रानात, गुहांत, पाण्यात राहणारे चित्रविचित्र राक्षसी प्राणी पकडतो, त्यांना वाढवतो, गावोगावच्या उस्तादांशी झुंजवतो आणि शेवटी सगळ्यांत मोठ्या उस्तादाला हरवतो. सगळा मजकूर इंग्रजी. बसूचं आणि इंग्रजीचं हाडवैर. त्यामुळे तो खेळायचा आणि मी वाचून सांगायचो.

"काय म्हणतंय बे हे?"

"म्हणतंय, या प्राण्याला नाव द्यायचं का."

"मग दे की. तुमच्या मेंढरांची दे. मला कुठं सुचतंय?"

अशा रीतीनं आमची मोरी, कानी आणि बांडी त्या डबीत गेल्या. आईला हे कळल्यावर ती म्हणाली, "आमची मेंढरं मोकळी हिंडत्यात अन् तुजी डबीत कोंडलेली. चारा काय घालतो रं त्यांला?" बसू म्हणाला, "सेल, मावशी." "मंग लई महागाचं धन हाय बाबा तुजं."

शेवटचा उस्ताद हरला तेव्हा आम्ही दुकानामागं पेंडीच्या पोत्यांवर बसलो होतो. पडद्यावर खेळ बनवणाऱ्यांची नावं वर सरकू लागली. बसूचा चेहरा उतरला. "आता?" मी म्हणालो, "आता काय, संपलं." "संपलं म्हंजे? मोरी कुठं गेली मग?" त्यानं घाबरून डबी बंद केली, पुन्हा चालू केली. तो पोरगा आपल्या गावात, आपल्या घरात उभा होता. मोरी, कानी, सगळ्या जागच्या जागी. बसू कितीतरी वेळ बघत राहिला आणि म्हणाला, "हे बघ, संपलं न्हाई. नुसती घाई संपली."

ही घाई संपल्यानंतरचा बसूच मला खरा आठवतो. माझ्यासारख्याला वाटलं असतं, जिंकलो, आता ठेवा कपाटात. बसूचा खेळ तिथून पुढे सुरू झाला. आधी जिची वाट एक पहारेकरी अडवून उभा असायचा, ती नदीपलीकडची गुहा आता मोकळी झाली होती. तिच्या तळाशी खेळातला सर्वांत ताकदवान प्राणी एकटाच बसलेला होता. बसूनं त्याला मोठ्या कष्टानं पकडलं आणि एकदाही झुंजवलं नाही. "ऱ्हाऊ दे त्याला. लई तरास झालेला दिसतोय." मग तो कुणीही एका टोल्यात पाडावं असे मरतुकडे प्राणी निवडून वाढवत बसला. पकडलेल्या प्राण्यांची नोंद खेळच ठेवायचा, त्यातल्या रिकाम्या जागा भरत गेला. आणि ज्या गावांतून तो धावत गेला होता त्या प्रत्येक गावात परत जाऊन प्रत्येक माणसाशी बोलू लागला. वाचून वाचून मी वैतागायचो. "तेच बोलतात बे सगळे." "तरी बघ. एखादा नवं बोलंल." आणि खरंच, एखादी म्हातारी नवं बोलायची. थांबताना मात्र त्याचा एक नेम होता. कितीही लांब गेला असला तरी तो त्या पोराला घरी आणायचा, आईसमोर उभा करायचा आणि मगच सेव्ह करून डबी बंद करायचा. "रानात ठेवून बंद करायचं न्हाई. तुमी मेंढरं ठेवता का रानात?"

बारावीत मी पास झालो, बसू इंग्रजीत नापास झाला. मला औरंगाबादेत डिप्लोमाला प्रवेश मिळाला, तो गल्ल्यावर बसला. आलेल्या गिऱ्हाइकासमोर त्याचे वडील म्हणायचे, "आमचं पोरगं पास होतंय, पण त्या डबीतच." बसू हसायचा. मी त्याचं हसणं ओळखत होतो. त्या दिवसांत त्यानं पूर्ण केलेली, त्याची स्वतःची म्हणावी अशी एकच गोष्ट होती, आणि ती त्या डबीत होती. हे मला तेव्हाही माहीत होतं.

दिवाळीच्या सुट्टीत मी गावी आलो. दिवाळीनंतर बसूच्या घरची सगळी मंडळी दिंडीबरोबर पायी कपिलधारच्या यात्रेला जायची. अशा वाटेला खेळणं न्यायचं नाही, हा घरचा दंडक. म्हणून जाताना बसूनं डबी माझ्याकडे दिली. नोंदीत थोड्याच जागा रिकाम्या होत्या, पण ते प्राणी दुसऱ्या डबीशी वायरीनं जोडून अदलाबदल केल्याशिवाय मिळत नसत. मामांनी वायर पाठवली होती. बीडमध्ये एकाकडे अशीच डबी असल्याचं बसूनं शोधून काढलं होतं, यात्रेहून आला की आम्ही दोघं जाणार होतो. तो लई खुशीत होता. "माझ्या डावाला हात लावू नको," तो म्हणाला. "तुला खेळायचं तर नवा चालू कर, पायजे तितका खेळ. फक्त सेव्ह करू नको. आत एकच जागा हाय. तुझं बसवलं की माझं गेलं."

मी मेंढरांमागे माळावर गेलो आणि नवा डाव सुरू केला. पोराला माझं नाव दिलं, इंग्रजी मोठ्या अक्षरांत, सुधीर. पहिला प्राणी म्हणून एक पिल्लू मिळालं, त्याचं नाव आमच्या कोकराचं ठेवलं, चिमी. दिवसभर चिमीला घेऊन हिंडलो. वर्षभर मी दुसऱ्याचा खेळ वाचून दाखवत होतो, त्या दिवशी पहिल्यांदा तो माझा झाला होता. ऊन कललं तसा डबीवरचा लाल दिवा मंद होऊ लागला. सेल संपत आले होते. आता बंद पडलं की चिमी जाणार... मी सेव्हवर गेलो. यंत्रानं इंग्रजीत विचारलं, जुना खेळ पुसला जाईल, चालेल ना? बसूला मी शेकडो वाक्यं वाचून दाखवली होती. हे वाक्यही मी वाचलं. नीट वाचलं. आणि 'हो'वर बटण दाबलं.

चुकून दाबलं गेलं असं मी पुढे कित्येक वर्षं स्वतःलाही सांगत आलो. चुकून नव्हतं. त्याचं सगळं एका पारड्यात होतं आणि माझं एका दिवसाचं पिल्लू दुसऱ्या पारड्यात, आणि मी माझं पिल्लू निवडलं. कळप घेऊन घरी आलो. डबीतले सेल मी काढून फेकून दिले. बसू सेल लगोलग बदलायचा; मला वाटलं, डबी काही दिवस सेलशिवाय राहिली की आतलं काहीच उरणार नाही, माझंसुद्धा.

बसू आला तो पायाला फोड घेऊन आणि माझ्यासाठी प्रसादाची पुडी घेऊन. मी डबी त्याच्या हातात दिली. "बसू, सेल संपले. आतलं सगळं गेलं."

"सगळं?"

"सगळं."

"मोरी पण?"

मी मान हलवली. त्यानं डबीकडे पाहिलं, मग माझ्याकडे. चालू करून बघितली नाही, खिशात टाकली. "आसू दे," तो म्हणाला. "चा घेतो का?"

त्यानंतर तो खेळाविषयी माझ्याशी कधीच बोलला नाही. बीडला जायचं नावही निघालं नाही. मी शिकलो, नोकरीला लागलो, वडिलांनी मेंढरं विकली. गावी गेलो की बसूकडे जावंच लागे. "सुध्या, एक इचारू का?" असं तो म्हणाला की मला वाटायचं, आता तेच विचारणार, आणि तो विचारायचा, बोअरला मोटर कुठल्या कंपनीची बसवू? त्याच्या लग्नात, गौरीच्या बारशात, दरवेळी मी ठरवून जायचो की आज सांगून टाकू, आणि दरवेळी वाटायचं, एवढ्या आनंदात ते कशाला उकरायचं. शेवटी तो बीडच्या दवाखान्यात होता. दोन्ही मूत्रपिंडं निकामी झालेली, हात सुजलेले. मी खोलीच्या दारात बराच वेळ उभा होतो, ते त्यानं पाहिलं होतं.

"काय बोलायचं व्हतं का तुला?" त्यानं विचारलं.

"न्हाई. कावून?"

"सहज. दारात घुटमळत व्हता म्हणून."

तो वाट बघत होता. आता मला ते कळतं. मी त्याला डॉक्टर काय म्हणाले ते विचारलं. त्याच आठवड्यात तो गेला.

काही आठवड्यांनी मी पुन्हा तेलगावला गेलो. बसूच्या पत्नी, सुनंदावहिनी, आता गल्ल्यावर बसतात. चहा झाल्यावर त्यांनी गल्ल्याखालून बिस्किटांचा एक पत्र्याचा डबा काढला. आत ती करडी डबी होती आणि ती वायर, तिचा कागदी पट्टा अजून न फाडलेला.

"भाऊजी, हे तुमचं हाय. ते म्हणायचे, सुध्याला दे. मी म्हणलं, त्यांचं कसं काय? तर म्हणले, चालू कर अन् नाव वाच."

गौरीनं सेल घातले. पडद्यावर मोठ्या अक्षरांत माझं नाव आलं.

सेल काढल्यानं आतलं पुसलं जात नाही, डबीत मागून खोचलेल्या खेळाच्या पट्टीत त्याची वेगळी, कायमची बारीक बॅटरी असते, एवढंही मला त्या वयात ठाऊक नव्हतं. बसूला होतं. इंग्रजीत तो नापास होता, पण शाम्पूच्या पुडीवरची मोठी अक्षरं त्याला वाचता येत होती. यात्रेहून आल्यावर त्यानं पहिल्यांदा डबी चालू केली असेल, त्याच क्षणी त्याला सगळं कळलं असणार. नवा डाव सुरू करणं त्याच्या हातात होतं. पण आत बघत गेलो तसं दिसलं, त्यानं माझाच डाव पुढे नेला होता. माझ्या नावानं, वाचून दाखवणारं कुणी नसताना, सगळे उस्ताद पुन्हा हरवले. मोरी, कानी, बांडी पुन्हा पकडून त्यांची नावं अक्षर-अक्षर जुळवून पुन्हा ठेवली. गुहेतला तो थकलेला प्राणी पुन्हा आणून कोपऱ्यात निवांत ठेवला. आणि सर्वांत पुढे होती चिमी. ज्या पिल्लासाठी मी त्याचं सगळं पुसलं, त्या पिल्लाला त्यानं जितकं वाढवता येतं तितकं वाढवलं होतं. रिकाम्या होत्या त्या फक्त अदलाबदलीच्या जागा.

पोरगा घरात, आईसमोर उभा होता.

मी अंगठा बटणावरून काढून घेतला. ती बारीक बॅटरी आता म्हातारी झाली आहे, कुठल्या दिवशी डोळे मिटेल सांगता येत नाही, आणि तेव्हा हे सगळं खरोखरच जाईल, या भीतीनं मला हल्ली झोप लागत नाही. गौरी शेजारून म्हणाली, "काका, खेळा तुम्ही. फक्त सेव्ह करू नका. पप्पा मला पण हेच सांगायचे."

मग मी दोघींना सांगितलं. माळ, लाल दिवा, ते वाक्य, सगळं. वहिनींनी ऐकून घेतलं आणि डोळे पुसत हसल्या. "एवढंच व्हय? मला वाटायचं तुमच्या दोघांत वावराचं काही भांडण हाय. तुमी आले की हे उगं गप बसायचे." मग म्हणाल्या, "मला कावून सांगता? त्यांला सांगा."

दुकानात तेव्हा गिऱ्हाईक नव्हतं. मी काही न दाबता, काही न हलवता, डबी तशीच दोन्ही हातांत धरली आणि त्या घरात उभ्या असलेल्या, माझ्या नावाच्या पोराकडे बघून मोठ्यानं म्हणालो, "बसू, सेल संपून गेलं न्हवतं बे ते. मी वाचलं व्हतं. वाचून हो म्हणलो. चुकलो."