रोज मरणारा शेजारी

लेकीकडे हॉलंडात लायडनला तीन महिन्यांसाठी गेले, तर विमानंच बंद झाली. दीड वर्ष अडकले! घरात कोंडल्यावर किस्से साठणार नाहीत तर काय? माझ्याकडचे निम्मे एकट्या शेजाऱ्याचे. गुंटरराव. म्हातारा जर्मन नट, एकटाच राहायचा. सिनेमा-सीरियलमध्ये बारकी कामं करायचा. मला हे कुठं ठाऊक!

*

एका संध्याकाळी टीव्हीवर दिसला. एका बाईनं त्याला जिन्यावरून ढकललं! मी किंचाळले, "अगंबाई, मेला की गं!"

सकाळी बघते तर हा बागेत झाडांना पाणी घालतोय! माझ्या हातातला तवाच पडला.

*

मग रोजचंच झालं. सोमवारी विष, गुरुवारी गोळी. नात ईरा डचमध्ये बोलायची त्याच्याशी. तो म्हणाला, "चाळीस वर्षं कामं केली, शेवटच्या सीनपर्यंत कधी जगलो नाही."

मी म्हटलं, "मेल्या, दमला नाहीस का रे मरून मरून?"

त्यानं विचारलं, मेल्या म्हणजे काय? ईरा बया हसू दाबून म्हणाली, "मोठा नट!"

*

झालं! कुंपणावरून आमटीची वाटी परत देताना छातीवर हात ठेवून, कमरेत वाकून म्हणायचा, "आजी, मी मेला!"

माझी लेक मीना ऑफिसची मीटिंग टाकून धावत आली. "कोण मेलं?"

*

शूटिंगं बंदच होती. मग एक दिवस तो नाचतच कुंपणापाशी आला. नवीन काम मिळालं होतं, आजोबाचं. शेवटी नातीच्या लग्नात जेवायला बसायचं. जिवंत!

"आजी, जिवंत राहायची प्रॅक्टिस नाही मला."

"पोटभर जेव नि ढेकर दे, मेल्या. जमेल!"

*

शूटिंगला आठवडा उरला नि त्याला कोरोना झाला. ॲम्ब्युलन्स आली. मीनानं मास्क लावून आमचा फोन नंबर त्याच्या खिशात कोंबला. हॉस्पिटलात विचारलं, तर नातेवाईक नाही म्हणून कुणी काही सांगेना. पडदे बंद, बाग सुकलेली.

दहाव्या दिवशी फोन वाजला. घोगरा, दमलेला आवाज.

"आजी... मेला!"

मी मटकन खालीच बसले. पदर डोळ्यांना लावला. मीना धावत आली.

"काय झालं गं आई?"

"गेले गं गुंटरराव!"

"अगंबाई! कुणी सांगितलं?"

"त्यांनीच!"