शालनताईंची कॅसेट

कुडाळ स्टेशनवर उतरलो तेव्हा मी स्वतःवर भलताच खूश होतो. माहितीपटांसाठी जुनं चित्रण शोधून देणं हा माझा धंदा. ज्या जुन्या रापणीच्या (अख्ख्या गावाने किनाऱ्यावरून ओढायचं मोठं जाळं) चित्रणासाठी सगळ्यांनी हात टेकले होते, ते मला तोंडवलीत सापडलं होतं. तिथल्या शालनताईंच्या लग्नाच्या व्हिडिओ कॅसेटमध्ये.

रिक्षावाल्याने वाटेत चौकशी केली. "शूटिंग करूक इलास?"

"नाही, जुनं शूटिंग न्यायला."

"म्हंजे आमचाच आमका दाखवतलास!" तो हसला. मीही हसलो.

तोंडवलीत समुद्र दिसण्याआधी ऐकू आला. शालनताई अंगणात वाट बघत उभ्या होत्या. कॅसेट त्यांनी लग्नातल्या शालूच्या घडीत जपली होती. घरातला व्हीसीआर कधीच बिघडलेला. लग्नानंतर थोड्याच दिवसांत त्यांची आई वारली, आणि ती चालती-बोलती होती ती फक्त या कॅसेटमध्ये.

"आवशीक (आईला) बघूक गावतला (मिळेल) म्हणान तुमका बोलावलंय," त्या म्हणाल्या. "वडे तळून होतत. मी येयसर (येईपर्यंत) लावू नकात हां."

मी मान डोलावली. त्या आत गेल्या आणि मी बरोबर आणलेलं कॅसेट चालवायचं यंत्र जोडलं. नुसतं तपासून बघू, अशी मनाची समजूत घातली. आत ऐकू जाऊ नये म्हणून आवाज मात्र बंद ठेवला. खाऱ्या हवेने फितीला बुरशी लागली होती. अशी फीत कधी कधी एकदाच चालते, हे मीच नवख्यांना शिकवतो. सुरुवातीलाच रापण निघाली. ती संगणकात उतरवली आणि पुढे आणखी आहे का बघायला मी फीत पळवली. हळदीचं अंगण, हसणाऱ्या बायका, कॅमेऱ्याकडे बघून काहीतरी सांगणारी काठापदराच्या साडीतली एक बाई, सगळं भरभर गेलं. मग यंत्र किंचाळलं. पळवलेल्या सगळ्या भागावरचा थर खरवडून निघाला होता. आता काहीच करता येण्यासारखं नव्हतं.

शालनताई पिठाच्या हातांनी बाहेर आल्या. पडदा काळा होता.

"आवस इली नि गेली?"

मी मान खाली घालून फीत गेल्याचं सांगितलं.

"तुमका सांगलंलंय मां, मी येयसर थांबा म्हणान?"

 त्यांनी पान वाढलं, वडे-सागोती (कोंबडीचा रस्सा). खायची लाज वाटत होती, आणि पानावरून उठायचीही. निघताना त्यांच्याकडे बघायचं माझं धाडस झालं नाही.

पुण्यात संकलकाने रापण पाहिली. "झकास आहे. फक्त मागे कोण बाई ओरडतेय, तेवढं काढ."

मी तेव्हा पहिल्यांदा आवाज लावला. जाळं ओढणाऱ्यांच्या गलक्यामागून वाऱ्यात अर्धी उडालेली हाक येत होती. "शालू गो, खंय आसस? जेवूक ये!"

माहितीपटातून ती हाक मीच काढली. शालनताईंना त्या हाकेचा तेवढाच तुकडा पाठवला, खाली माफी लिहिली.  दुसऱ्या दिवशी त्यांचा आवाजी निरोप आला. आधी बराच वेळ नुसती समुद्राची गाज होती. मग त्या हलकेच बोलल्या, पण माझ्याशी नाही.

"इलंय गे आये."