इनास मास्तर, इनास मास्तरांच्या भूमिकेत

इनास मास्तरांना मी प्रथम पाहिलं ते त्यांच्या वसईच्या वाडीत, खांद्यावर केळीचा लोंगर घेतलेले. मुंबईच्या एका दिग्दर्शकांना इथल्या लग्नांत वाजणाऱ्या बँडवर चित्रपट करायचा होता. नट नकोत, गावच्या माणसांनी स्वतःचीच कामं करावीत, हा त्यांचा आग्रह. पुस्तकी संवाद घरबोलीत बसवायला त्यांनी मला, शाळेतल्या मराठीच्या शिक्षकाला, सोबत घेतलं होतं.

"तुम्ही फक्त इनास मास्तर व्हायचं," मी म्हणालो.

"ते अजून नीट जमलेलं नाही," मास्तर म्हणाले, "बघू."

मास्तरांचं व्हायोलिन आणि धाकटे बंधू जोकिम यांचं क्लॅरिनेट एकेकाळी एकाच बँडमध्ये वाजे. आईच्या मृत्यूनंतर दोघांचं बोलणं तुटलं होतं. दिग्दर्शकांनी कथेत त्यांचा समेट घातला. जोकिम तयार झाले, पण बजावून: "पिक्चरपुरतं."

विहिरीपाशी कॅमेरा लागला. मास्तरांचं वाक्य होतं, "झालं गेलं विसरून जाऊ." तालमीत त्यांनी ते चारदा बिनचूक म्हटलं. प्रत्यक्ष चित्रण सुरू झालं आणि ते गप्प राहिले. मी हळूच वाक्य सुचवलं. त्यांनी माझ्याकडे पाहिलंही नाही.

"आई तुझं नाव घेत होती," ते जोकिमना म्हणाले. "मी तुला निरोप धाडला नाही. रागात होतो. चूक माझी."

जोकिम म्हणाले, "हे कागदावर नाही."

"नाही."

जोकिम पाठ फिरवून विहिरीचा कठडा धरून उभे राहिले. तसंच पाठमोरं त्यांनी विचारलं, "आणखी काय म्हणाली?"

चेहरा दिसला नाही म्हणून दिग्दर्शकांना तो प्रसंग पुन्हा हवा होता. मास्तरांनी नम्रपणे हात जोडले. "एकदाच म्हणायचं होतं, साहेब." चित्रपटात जोकिमची पाठच राहिली. पुढच्या रविवारी मात्र ते क्लॅरिनेट घेऊन बँडच्या तालमीला आले.

माझे वडील अंथरुणाला खिळले तेव्हा चर्चमधली मिस्सा आटोपून मास्तर आमच्या घरी येत, त्यांना अभंग वाजवून दाखवत. बाबांनी एकदा चाल चुकल्याचं सांगितलं. आठवड्याने ती दुरुस्त करून आले आणि आधी तीच वाजवली.

विहिरीवरचं ते बोलणं आधी ठरलेलं होतं का, हे मी त्यांना अनेकदा विचारलं आहे. अलीकडे म्हणाले, "मलाही कळलेलं नाही. कॅमेऱ्यामुळे धीर आला असेल. किंवा कॅमेरा चालू असताना जोकिमला निघून जाता येणार नव्हतं, म्हणूनही असेल."

मास्तर आज साठ वर्षांचे होत आहेत. बोटं चपळ राहोत, कान तीक्ष्ण राहोत, जोकिमभाऊंची साथ लाभो, आणि मला अजून पुष्कळ वर्षं त्यांना प्रश्न विचारता येवोत.