पडद्याकडे पाठ

सकाळी चहा गाळत होतो, तेव्हा बशीरच्या बायकोचा, रुक्सानाचा फोन आला. ‘‘भाऊजी, हे उठंनात.’’ एवढंच. मी ‘‘आलो’’ म्हणालो, फोन ठेवला आणि चहा गाळून पुरा केला. भांडंसुद्धा विसळलं. का, ते सांगता येणार नाही. संध्याकाळी दफन करून आलो, जेवलो, झोपलो... आता काही आठवडे झाले, अजून रडू आलेलं नाही. आत सगळं बधिर आहे.

बशीर चित्रं काढायचा, माहितीपट करायचा. वडील दुकानांच्या पाट्या रंगवायचे, त्यामुळे ब्रश हातात आधी आला. कॅमेरा नव्वद सालानंतर, तोही लग्नांचं शूटिंग करून घेतलेला. मी त्याचा आवाजवाला, माईक धरून मागे मागे फिरायचो. गगनबावड्याच्या पावसात तो माईकवर छत्री धरायचा आणि स्वतः भिजायचा. माणूस तिरसट, पण एक नेम त्यानं कधी मोडला नाही. ज्यांच्यावर फिल्म, त्यांना ती आधी दाखवायची, त्यांच्याच गल्लीत, आपल्या घरची पांढरी चादर बांधून. कुणी ‘हे काढा’ म्हटलं की काढायचं, वाद नाही. आणि स्वतः पडद्याकडे पाठ करून, लोकांकडे तोंड करून बसायचं. ‘‘फिल्म मी बघितलीय की. माणसं बघायची ऱ्हायल्यात,’’ म्हणायचा.

शेवटची फिल्म चपलांच्या वेण्या घालणाऱ्या बायकांवर होती. दुकानावर नाव पुरुषाचं, चामड्याच्या बारीक वाद्या विणणारी बाई कुणाला ठाऊक नसते. त्यांतल्या सुभद्राक्कांनी पहिल्याच दिवशी बजावलं होतं, ‘‘तोंड दावू नगोस बाबा. हात दाव.’’ म्हणून फिल्मभर नुसते हात. ती पुरी होत आली आणि हा गेला.

शोकसभेत तीच फिल्म दाखवायची, असं मित्रांनी ठरवलं. मी नको म्हणालो. बायकांनी ती पाहिलेली नव्हती.

‘‘आता कसला नेम घेऊन बसलायस?’’ एक जण चिडला. मीही चिडलो. उद्या त्यांतली एखादी नको म्हणाली, तर दाखवलेलं परत कसं घेणार? शेवटी सभा फिल्मविना झाली. भाषणं झाली, पण माझ्या कानात एक शब्द शिरला नाही.

मग रुक्सानाकडून चादर मागून आणली आणि दिवेलागणीनंतर त्या बायकांच्या गल्लीत बांधली. प्रोजेक्टर सुरू करून मी बशीरच्या जागी बसलो, पडद्याकडे पाठ करून. बायका आपापले हात ओळखून हसत होत्या, एकमेकींना कोपरानं ढोसत होत्या. मध्येच सगळ्या गप्प झाल्या. काय आलंय ते मला कळलं... सुभद्राक्कांच्या हातून वादी निसटते आणि कॅमेऱ्यामागून बशीरचा हात पुढे येऊन ती उचलून देतो. नखांत रंग अडकलेला. ही आपली चूक, एवढं काढायचंय, असं तो मला म्हणाला होता.

सुभद्राक्का म्हणाल्या, ‘‘ह्यो हात काढू नगासा. ऱ्हाऊ दे आमच्यात.’’

मी ‘‘बरं’’ म्हणालो. मागे वळून काही मला बघवलं नाही.

चादर परत करायला गेलो, तर रुक्सानानं घेतली नाही. ‘‘ऱ्हाऊ दे तुमच्याकडं, लागंल,’’ म्हणाली. ती माझ्या कपाटात आहे. चारी कोपऱ्यांना बशीरनं बांधलेल्या सुतळ्या आहेत. त्या गाठी मी सोडलेल्या नाहीत.