आलापल्लीची जाझची तबकडी

बाबा आलापल्लीच्या फॉरेस्ट बंगल्यावर खानसामा होते. इंग्रज साहेब देश सोडून गेला तेव्हा त्याने बाबांना आपला ग्रामोफोन, थोड्या तबकड्या आणि अंडी उकडायचं, तीन मिनिटांचं वाळूचं घड्याळ देऊन टाकलं. तबकड्यांवरच्या गाण्यांना साहेब ‘जाझ’ म्हणायचा. बाबा ‘जहाज’ म्हणायचे. त्यामुळे ही बोटीवरची गाणी असावीत, असं मी बरीच वर्षं धरून चालले होते. शब्द कळत नव्हते. पण गाणारी बाई तालाच्या जरा मागून, आळसावल्यासारखी यायची, ते मला फार आवडायचं.

पुढे मी चांद्याला मुलींच्या शाळेत मास्तरीण झाले. त्याच ढंगात मी दोन गाणी रचली, एक मोहफुलं वेचण्यावर आणि दुसरं न आलेल्या मोटारीवर. मुंबईत पैसे भरले की कुणाचीही तबकडी काढून देतात, असं कळलं, तेव्हा मी पगारातून साठवायला लागले. वादकही मीच जमवले. लग्नाच्या बँडमधला एक क्लॅरिनेटवाला आणि दंडारीच्या नाचातला एक ढोलकीवाला.

तबकडीच्या एका बाजूवर जेमतेम तीन मिनिटं मावतात. क्लॅरिनेटवाल्याला नवरदेव मांडवात पोचेपर्यंत वाजवायची सवय.

“बाई, तीन मिन्टांत तं मी नुसता दम घेतो,” तो म्हणाला.

उन्हाळ्याच्या सुट्टीभर आम्ही लाकडाच्या डेपोत तालीम केली. आई वाळूचं घड्याळ घेऊन सागाच्या ओंडक्यावर बसायची.

मुंबईला तीही आली. पोरीला दोन परक्या पुरुषांसोबत पाठवायचं नाही हे एक कारण, आणि घड्याळ दुसऱ्याच्या हाती द्यायचं नाही हे दुसरं.

स्टुडिओतल्या माणसाने विचारलं, “भावगीत का?”

“नाही. जाझ.”

त्याने वहीत ‘इतर’ लिहिलं.

मोहफुलांचं गाणं नीट झालं. मोटारीच्या गाण्यात क्लॅरिनेटवाला डोळे मिटून रंगला. वाळू संपली. आईने हात केला, पण तो बघेचना. तेव्हा ती मोठ्याने म्हणाली, “झालं ना रे बापा, आता काऊन वाजवून राह्यला?”

तो थांबला. मग रेकॉर्डिंग चालू असल्याचा लाल दिवा विझला. तबकडीत सगळं उतरलं होतं. पुन्हा करायचं तर पुन्हा पैसे भरावे लागणार होते.

“राहू द्या,” मी म्हणाले.

तबकड्या गवतात गुंडाळून खोक्यातून आल्या. शाळेच्या मोठ्या बाईंनी एक घेतली आणि कपाटात ठेवून कुलूप लावलं. गावात मात्र दुसरी बाजू जास्त चालली, त्यातही शेवट. बाजारात लोक आईला थांबवायचे, “एक डाव म्हणा ना, बाई.” ती भाजी घेऊन पुढे जायची.

एकदा बंगल्यावर नागपूरचे बडे साहेब उतरले होते. जेवणानंतर बाबांनी ग्रामोफोनला चावी भरली आणि माझी तबकडी लावली. मी स्वयंपाकघराच्या दारातून बघत होते.

“कोण गाते आहे?” साहेबांनी विचारलं.

“पहिले आयका, साहेब,” बाबा म्हणाले. “मंग सांगतो.”

बाबा ग्रामोफोनशेजारी ताठ उभे राहिले. राज्यपाल आले होते तेव्हा बांधलेला फेटा त्यांनी त्या दिवशी बांधला होता.