मामा रेव्हरंड नव्हते

याकोबमामा गेल्याचा फोन आला तेव्हा मी बेळगावात, कॉलेजच्या स्टाफरूममध्ये होतो. मामी एवढंच म्हणाल्या, "दावीद, तुझं मामा गेलं रं... सकाळी चहा घेतला आन् गेलं." निपाणीच्या बसमध्ये बसल्या बसल्या मी वर्तमानपत्रासाठी निधनाची बातमी लिहिली आणि मामांच्या नावाआधी 'रेव्हरंड' हा शब्द घातला. निपाणीजवळच्या आमच्या वाडीत पोचल्यावर ती मामींना वाचून दाखवली. त्यांनी पदरानं डोळे पुसले. "त्यो शब्द काढ. जिवंत असताना त्यांनी कुणाला म्हणू दिला न्हाय, आता तू का म्हणतोस?" मी तो खोडला. पण का घातला होता हे मला चांगलं ठाऊक होतं. मामांच्या हुद्द्याची मला लाज वाटायची, आणि ती त्यांच्या मरणानंतरही गेली नव्हती.

बाहेरच्या लोकांना आमच्यातले सगळेच 'फादर' वाटतात. फादर कॅथलिकांचे, ते लग्न करत नाहीत. आमच्या प्रोटेस्टंट पंथात पाळक असतात, बायकामुलांचे संसारी लोक. दीक्षा मिळाली की त्यांच्या नावाआधी रेव्हरंड लागतं. बाप्तिस्मा, लग्न, प्रभुभोजनाची, म्हणजे येशूच्या आठवणीत घ्यायची भाकर आणि प्याला, सगळं त्यांच्याच हातून. मामा सुवार्तिक होते. सुवार्तिकानं प्रार्थना घ्यायची, शास्त्र समजावून सांगायचं, आजाऱ्याच्या उशाशी बसायचं. ती भाकर मोडून द्यायचा अधिकार त्याला नाही. चिकोडीहून पाळक महिन्यातून एकदा यायचे, उरलेला महिना मामांचा. तंबाखूच्या वखारीतून सुटलेल्या बायकांना ते अक्षरं शिकवायचे. माझी आई त्यातलीच. वडील गेल्यावर तिनं वखारीत राबून मला वाढवलं, आणि माझ्या अभ्यासाला रोज संध्याकाळी मामा येऊन बसायचे. पुढं मी प्राध्यापक झालो. कुणी विचारलं, तर "मामा चर्चमध्ये असतात" एवढंच सांगायचो.

सहा वर्षांपूर्वी आई अंथरुणाला खिळली. शेवटच्या दिवसांत अन्न जाईना. एका दुपारी तिनं मामांचा हात धरला. "याकोबा, मला प्रभूची भाकर दे रं."

मामा खाली बघत म्हणाले, "आक्का, मला न्हाय देता येत. पाळकसायबांना आणतो."

पाळकांचा फोन लागत नव्हता. ते प्रार्थनासभेला सदलग्याला गेले होते, एवढंच कळलं. माझा तोल गेला. शेजारपाजारच्या बायका बसलेल्या, त्यांच्यासमोर मी ओरडलो, "ती मरायला टेकलीय आणि तुम्ही नियम सांगताय? उभा जन्म चर्चमध्ये घालवला, साधं पाळक होता आलं नाही तुम्हाला!"

मामांनी चपला घातल्या. उंबऱ्यातून म्हणाले, "आक्काचं तोंड ओलं करत ऱ्हा. आलोच मी."

उन्हाळ्यातली दुपार. वडापच्या दोन जीपगाड्या बदलून ते सदलग्याला पोचले, सभा संपेपर्यंत बाहेर थांबले आणि पाळकांच्या मोटारसायकलवर मागं बसून चारच्या सुमारास परतले. आईनं भाकरीचा कण घेतला, प्याल्याला ओठ लावले. तिचा चेहरा निवला. मी पाळकांना खुर्ची दिली, चहा दिला, दहादा आभार मानले. मामा धुळीनं भरलेल्या पायांनी दारातच उभे होते. त्यांना मी पाणीसुद्धा विचारलं नाही.

दुसऱ्या दिवशी आई गेली. दफनाच्या वेळी मामांना बायबलमधलं वचन वाचायचं होतं. ती त्यांची सख्खी बहीण. त्याला अधिकारही लागत नाही, कुणीही वाचू शकतं. पण माझे कॉलेजातले लोक येणार होते. मी म्हणालो, "मामा, सगळं पाळकच करू देत. बरं दिसेल." ते म्हणाले, "व्हय, व्हय... तसंच करू." आणि मागं जाऊन उभे राहिले. त्यानंतर सहा वर्षांत किती वेळा भेटलो! पावसापाण्याचं बोललो, रस्त्याचं बोललो. त्या दुपारचं एक अक्षर मी काढलं नाही. त्यांनीही काढलं नाही...

मामांना माती दिल्यावर मी मामींजवळ बसून हे सगळं सांगितलं. वाटलं होतं, त्या रागावतील. त्या शांतपणे म्हणाल्या, "दीक्षेला दोनदा बोलावणं आलतं त्यांना. घेतली असती तर बदली हुती, लोंढ्याच्या बाजूला. तुझा बाप नुकता गेलता, तू सातवीत हुतास. म्हणाले, आक्काला आन् पोराला टाकून कसा जाऊ? पुन्हा इचारलं तवा तू बारावीत."

"आईला माहीत होतं?"

"न्हाय. तिला कळलं असतं तर तिनं हाकललं असतं की त्यांना."

त्याच्या पुढच्या रविवारी मी वाडीतच राहिलो. उपासनेला लोक जमले. टेबलामागं पाळकांची हाताची खुर्ची, ती महिनाभर रिकामीच असते. मामांची जागा दाराशी, एका स्टुलावर. शेजारी गीतांच्या पुस्तकांची चवड. कुणीच तिथं बसेना, तेव्हा मामींनी मला खूण केली. मी बसलो. पहिलं गीत सुरू झालं तशी एक म्हातारी धापा टाकत आली आणि माझ्याकडं न बघताच सवयीनं हात पुढं केला. मामा उशिरा येणाऱ्यांच्या हातात पुस्तक द्यायचे ते नेमकं पान उघडून. मी पुस्तक उचललं. ती हात पसरून उभी होती आणि मला पान सापडत नव्हतं.